कंट्रोल ग्रुपवर बंदी घाला म्हणणाऱ्यांना

आकडेवाली
काल एक पोस्ट सगळीकडे फिरत होती. मुंबई, उस्मानाबाद (आताचं धाराशिव) आणि तमिळनाडूतलं दिंडीगल इथे गर्भाशयमुखाच्या कॅन्सरवर मोठे अभ्यास झाले, त्यात लाखाहून जास्त बायकांना मुद्दाम तपासलं नाही, त्यातल्या अडीचशेवर बायका गेल्या, म्हणजे हा खून आहे आणि कंट्रोल ग्रुप (तुलनेसाठी ठेवलेला, नवीन तपासणी किंवा उपचार न दिलेला गट) ठेवणाऱ्या सगळ्या संशोधनावर बंदी आणा, असा मजकूर. लोक धडाधड शेअर करतायत. मी संख्याशास्त्र शिकवते, माझ्याच दोन विद्यार्थिनींनी ती स्टेटसला ठेवली, मग गप्प बसवेना.

अडीचशेचा आकडा खोटा नाही. पण अभ्यासात नक्की काय झालं ते त्या पोस्टमध्ये कुठेच नाही. उस्मानाबादला १९९९ मध्ये काम सुरू झालं, बार्शीचं कॅन्सर हॉस्पिटल आणि टाटा मेमोरियल मिळून. गावांच्या ५२ गटांतल्या ३० ते ५९ वयाच्या १,३१,७४६ बायका, त्यांचे चार भाग. एकाला एचपीव्ही टेस्ट (हा कॅन्सर घडवणारा विषाणू आहे का ते बघणारी), एकाला पॅप (गर्भाशयमुखाच्या पेशी काचेच्या स्लाइडवर घेऊन सूक्ष्मदर्शकाखाली बघणं), एकाला व्हिनेगर लावून नुसत्या डोळ्यांनी तपासणी, आणि चौथ्याला तेव्हा जी सरकारी सोय होती ती, म्हणजे खरं तर काही नाही. तपासणी आयुष्यात एकदाच. आठेक वर्षांनी मोजलं तर चौथ्या भागात ६४ मृत्यू, एचपीव्हीवाल्या भागात ३४. आणि पॅप आणि व्हिनेगरवाल्या भागांत? पन्नासच्या वर. म्हणजे जी पॅप जगभर चालते असं आपण धरून चाललो होतो ती खेड्यात एकदाच करून फारसा उपयोग नाही, हे त्या चौथ्या भागामुळे कळलं. नाहीतर सरकारने गावोगाव पॅपची शिबिरं लावली असती, फोटो काढले असते आणि बायका तशाच मेल्या असत्या, फक्त कोणी मोजलं नसतं.

मीठभाकर
ताई, पोस्ट भडक आहे, मान्य. पण तुम्ही जे लिहिलंय त्यातच उत्तर आहे. एचपीव्ही ३४, पॅप पन्नासच्या वर. मग एचपीव्ही विरुद्ध पॅप एवढीच तुलना केली असती तरी एचपीव्ही सरस हे दिसलंच असतं ना? चौथा भाग कशाला हवा होता? पॅप काही नवीन नव्हती, १९४० च्या दशकापासून माहितीये, त्या जोरावर श्रीमंत देशांनी हा कॅन्सर खाली आणला. माणसांवरच्या संशोधनाचे नैतिक नियम सांगणाऱ्या हेलसिंकीच्या जाहीरनाम्यात २००० साली स्पष्ट लिहिलं की नवीन पद्धत तपासायची तर आज उपलब्ध असलेल्या उत्तम पद्धतीशी तपासा. उत्तम कुठली, तर जगातली. उस्मानाबादची नाही.

आणि मुंबईचं काय? तिथे झोपडपट्टीतल्या पाऊण लाख बायका कंट्रोलमध्ये होत्या. त्यांना कॅन्सरबद्दल माहिती सांगितली आणि घरी पाठवलं. पॅप करणारं हॉस्पिटल लोकलने तासाभरावर. 'इथे सोय नाही' हे कारण मुंबईत तरी देऊ नका.

आकडेवाली
पॅपची टेस्ट एका बाईची करता येते हो, पाऊण लाखांची करायला स्लाइड वाचणारी माणसं लागतात, ती कुठून आणायची? म्हणून तर व्हिनेगर. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: गर्भाशयाच्या तोंडाला पातळ केलेल्या अॅसेटिक अॅसिडचा बोळा लावायचा, एक मिनिट थांबायचं, चांगल्या उजेडात बघायचं. गडबड असेल तिथे पांढरा चट्टा उठतो. लॅब नाही, रिपोर्टसाठी दुसरी खेप नाही. मुंबईत हे दहावीपर्यंत शिकलेल्या बायकांनी केलं, चार आठवड्यांच्या ट्रेनिंगवर. दर दोन वर्षांनी अशा चार फेऱ्या, आणि १२ वर्षांनी मृत्यू ३१ टक्क्यांनी कमी. हे तुलनेशिवाय कोणाला पटलं असतं? तुम्हीच म्हणाला असतात की दहावी पास बाईच्या भरवशावर गरिबांना सोडलं.

हडपसरकर
मीठभाकर, तुम्ही कोविडमध्ये कुठे होतात? माझ्या मोठ्या भावासाठी मी प्लाझ्मा (बऱ्या झालेल्या पेशंटच्या रक्तातला द्रव) शोधत फिरलो आहे. ग्रुपवर मेसेज टाकायचो, डोनर मिळाला की त्याचे पाय धरायचो. एक मुलगा अंगात ताकद नसताना लांबून बाइकवर आला. दोन पिशव्या चढवल्या. दादा गेला तो गेलाच. नंतर कळलं की आयसीएमआरने (सरकारी वैद्यकीय संशोधन परिषदेने) २०२० मध्येच ३९ हॉस्पिटलांत ४६४ पेशंट घेऊन अभ्यास केला होता, अर्ध्यांना प्लाझ्मा, अर्ध्यांना नाही, आणि काही फरक पडला नव्हता. पडला नव्हता! आणि तरी मे २०२१ पर्यंत ते गाइडलाइनमध्ये राहिलं. त्या कंट्रोल ग्रुपचं कोणी ऐकलं असतं तर दादाचे शेवटचे दिवस मी त्याच्या फोनवर बोलण्यात घालवले असते, रक्तपेढ्यांच्या दारात नाही. बंदी म्हणे.

मीठभाकर
तुमच्या दुःखाबद्दल मी काय बोलणार. पण प्लाझ्मा चालतो की नाही हे तेव्हा कोणालाच माहीत नव्हतं, तिथे कंट्रोल ठेवणं बरोबरच. कॅन्सर लवकर सापडला तर बाई वाचते हे मात्र माहीत होतं. दोन्ही एका तागडीत घालू नका.

केजची
तुम्ही सगळे मोठ्या अभ्यासांवर भांडताय. आमच्याकडे रोज प्रयोग होतो, त्याला ना कंट्रोल, ना फॉर्म, ना आकडा. गर्भाची पिशवी काढायचा.

माझी मामी ऊसतोडीला जायची. अंगावरून पांढरं जायचं, कंबर दुखायची. पाळीच्या दिवसांत कामाला खाडा झाला की मुकादम पैसे कापतो, उचल (आगाऊ घेतलेले पैसे) फिटत नाही. तालुक्याच्या एका दवाखान्यात गेली, डॉक्टरने सोनोग्राफी केली आणि म्हणाला पिशवी खराब झालीये, ठेवली तर कॅन्सर होईल. तिशी नव्हती ओलांडली तिनं. व्याजाने पैसे काढून ऑपरेशन केलं, ते फेडायला परत फडावर. आता हाडं दुखतात, रात्री घाम फुटतो, मोळी डोक्यावर चढत नाही. तिला कोणी व्हिनेगरचा बोळा लावला? कोणी पॅप केली? कॅन्सरचा 'क' म्हटला की बाई सही करते.

२०१९ मध्ये बीडच्या ऊसतोड बायकांचा सरकारी सर्व्हे झाला, ८२,३०९ बायका विचारल्या, १३,८६१ जणींची पिशवी काढलेली. समिती नेमली, नीलमताई गोऱ्हे अध्यक्ष. बातम्या आल्या, गेल्या. ह्याच्यावर धागे काढा.

गावडॉक्टर
हे दर वेळी डॉक्टरांवरच का येतं? मी अशाच भागात बावीस खाटांचं हॉस्पिटल चालवतो. बाई स्वतः येऊन म्हणते, साहेब काढूनच टाका, कटकट नको, कारण तिला पुढच्या सीझनला खाडा परवडत नाही. गोळ्या दिल्या, तीन महिन्यांनी दाखवा म्हटलं की ती शेजारच्याकडे जाऊन ऑपरेशन करून येते. चार बदमाश सगळीकडे असतात. पण सरसकट डॉक्टरांना कसाई ठरवायचं असेल तर उद्या रात्री दोनला बाळंतपण अडलं की मुकादमाकडे जा.

केजची
कसाई हा शब्द तुम्ही वापरलात, मी नाही. मामीला ते 'काढून टाका' कोणी म्हणायला लावलं ते बघा की. आमच्या वस्तीवर बायका एकमेकींना सांगतात की पिशवी ठेवली तर कॅन्सर होतो. हे त्यांना स्वप्नात पडलं का? कुठल्यातरी टेबलाच्या पलीकडून आलंय ते. आणि रात्री दोनची धमकी देऊ नका, माझं स्वतःचं बाळंतपण टेम्पोत झालंय.

गावडॉक्टर
धमकी नव्हती. शब्द चुकीचा पडला असेल. पण भीती पसरवणारे सगळे आम्हीच नाही, एवढंच म्हणायचं होतं.

आकडेवाली
केजची, तुमचं वाचून माझाच मुद्दा पक्का होतोय. मामीवर जे झालं तो तुलना न करता केलेला उपचार आहे. पिशवी काढलेल्या आणि न काढलेल्या सारख्याच तक्रारीच्या बायका कोणी पाच वर्षं शेजारी ठेवून बघितल्या असत्या तर हा धंदा उघडा पडला असता. कंट्रोल ग्रुप नसण्यानेही बायका मरतात, झिजतात.

केजची
माझ्या मामीला तुमच्या मुद्द्याला लावू नका. तिला कोणी विचारलं नाही हा माझा मुद्दा आहे. उस्मानाबादच्या त्या चौथ्या भागातल्या बायकांना तरी कोणी विचारलं होतं का, की बाई, तुझ्या पलीकडच्या गावात तपासणी होणार आणि तुझी नाही, चालेल का?

मीठभाकर
मी दिवसभर हेच ओरडतोय. मुंबईच्या अभ्यासाला अमेरिकन सरकारी पैसा होता, म्हणून तिथल्या देखरेख कार्यालयाने चौकशी केली आणि त्यांनीच म्हटलं की बायकांना पुरेशी माहिती दिली नव्हती. पॅप नावाची टेस्ट आहे, ती बाहेर मिळते, हे सांगायला स्लाइड वाचणारी माणसं लागत नाहीत. एक वाक्य लागतं. ते वाक्य सांगितलं असतं तर काही जणी जाऊन करून आल्या असत्या आणि मग यांचा कंट्रोल बिघडला असता. तिथे मला राग येतो.

बंदीचं म्हणाल तर ठीक आहे, बंदी नको. व्हिनेगरवाला निकाल तुलनेशिवाय मिळाला नसता हे मी मान्य करतो, मनाविरुद्ध करतो.

आकडेवाली
संमतीबाबत माझ्याकडे बचाव नाही आणि मी तो करणारही नाही. पण मग राग पुढेही न्या ना. २०१६ मध्ये केंद्राने मार्गदर्शक सूचना काढल्या, ३० ते ६५ वयाच्या प्रत्येक बाईची पाच वर्षांनी व्हिनेगर तपासणी. आणि २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात ३० ते ४९ वयाच्या बायकांत कधीतरी तपासणी झालेल्या किती, तर देशात १.९ टक्के. ज्या बायकांच्या जिवावर हे ज्ञान मिळालं त्यांच्याच मुलींना ते मिळत नाहीये. अभ्यास करणाऱ्यांना खुनी म्हणता, मग निकाल हातात असताना दहा वर्षं बसलेल्यांना काय म्हणायचं?

गावडॉक्टर
का होत नाही ते मी सांगतो. आमच्या जवळच्या उपकेंद्रात तपासणीच्या टेबलाला पडदा नाही. सिस्टर एकटी, तिच्याकडे लसीकरण, बीपी, शुगर, वर ऑनलाइन एन्ट्री. चट्टा दिसला तर पुढे पाठवायचं कुठे, तर जिल्ह्याला, जायला दिवस मोडतो. बाई म्हणते नंतर बघू. निम्म्या जणी तिथेच गळतात.

केजची
दिवस मोडतो म्हणजे खाडा. मग फडावर येऊन तपासा. ऑक्टोबर ते मार्च सगळ्या बायका कारखान्याच्या अड्ड्यावर एका जागी असतात, संध्याकाळी गाडी खाली झाली की.

गावडॉक्टर
कारखाना जागा आणि लाइट देणार असेल तर मी येतो. पैसे नकोत. पण बरोबर सिस्टर लागेल, आणि चट्टा दिसलेल्या बाईला त्याच दिवशी उपचार करायचं मशीन लागेल, ते माझ्याकडे नाही.

मीठभाकर
आणि जाण्याआधी प्रत्येकीला नीट सांगायचं काय करतोय ते. तिच्या भाषेत, नवऱ्याला बाजूला ठेवून.

केजची
ते मी सांगीन. कारखान्याशी कोण बोलणार ते ठरवा.