मदत हवी आहे: पहिल्या गिऱ्हाइकानंतर बंदुकीचा माग कसा काढतात?

अमेरिकेत पोलीस, वकिली किंवा परवानाधारक बंदूक-दुकानात काम केलेलं कुणी आहे का इथे?

गुन्ह्यात सापडलेल्या पिस्तुलाचा सिरीयल नंबर वेस्ट व्हर्जिनियातल्या मार्टिन्सबर्गला, एटीएफच्या (बंदुकांवर देखरेख ठेवणारी संघीय संस्था) ट्रेसिंग सेंटरला जातो. तिथून कंपनी, घाऊक विक्रेता, दुकान असं करत फॉर्म ४४७३ वरचं (दुकानातून बंदूक घेताना भरायचा अर्ज) पहिलं गिऱ्हाईक सापडतं. दुकानदाराला २४ तासांत उत्तर द्यावंच लागतं. (नंबरासोबत कंपनी, मॉडेल, कॅलिबर आणि आयातदाराचा ठसा नीट कळवला नाही, तर शोध तिथेच अडतो. पेटंट नंबरालाच सिरीयल नंबर समजणारे महाभागही असतात.)

अडचण पुढची आहे. त्या गिऱ्हाइकाने पिस्तूल त्याच राज्यातल्या ओळखीच्याला विकलं, तर संघीय कायद्याने कागदच लागत नाही. कॅलिफोर्नियात असा व्यवहारही दुकानामार्फत होतो, म्हणून तिथे निदान नोंद राहते. पण ते दुसऱ्या राज्यात जुन्या मालाच्या दुकानात गेलं असेल तर? त्या दुकानाच्या वहीत नोंद असते, पण १९८६ च्या कायद्याने बंदुकांच्या केंद्रीय नोंदणीला मनाई आहे. मग तपास अधिकारी त्या वहीपर्यंत पोहोचतात कसे? फक्त पहिल्या मालकाच्या जबाबावरून, की गहाणवटीच्या दुकानांच्या स्थानिक पोलीस नोंदींतून? कलमं नकोत, प्रत्यक्षातली पद्धत सांगा.