मेंदूची ‘नक्कल’, ‘अनुकरण’ की आणखी काही?

कोयनाकाठ
शाळेच्या विज्ञान प्रदर्शनासाठी इंग्रजी फलकांचं मराठी करतेय. वाचणारी मुलं आठवी ते दहावीची. पहिल्याच वाक्याला अडले. मी लिहिलं, ‘कृत्रिम बुद्धिमत्ता मेंदूच्या कामाची नक्कल करते.’ सरांनी ‘नक्कल’खाली लाल रेघ मारली. मुलांना परीक्षेतली कॉपी नाहीतर स्नेहसंमेलनातला नकलाकार आठवेल, ‘अनुकरण’ लिहा म्हणाले. मला अनुकरण पटत नाही. आपण मोठ्यांचं अनुकरण करतो, त्यात आदर असतो. यंत्राला कुठला आदर? तुम्ही काय लिहाल?

जुनी पाटी
नक्कल मूळचा अरबी, अर्थ उतरवून घेणं. जमिनीच्या कागदाची नक्कल काढतात, त्यात कुणाला कमीपणा वाटत नाही. माझे वडील ‘नकलेचा अर्ज’ असंच म्हणत. पण नक्कल म्हणजे मुळाबरहुकूम, काना-मात्रा न बदलता. माणसाच्या मेंदूत सुमारे ८,६०० कोटी चेतापेशी. त्यांची अशी नक्कल कुणी उतरवलीय? म्हणून मीही रेघ मारली असती, कारण मात्र सरांचं नव्हे.

तिसरा प्रहर
याच क्षेत्रात काम करतो, म्हणून लांबण लावतो. १९४३ साली मॅकलक आणि पिट्स या दोन संशोधकांनी चेतापेशीचं गणित कागदावर मांडलं. आत येणाऱ्या संदेशांची बेरीज करायची. बेरीज उंबरठा ओलांडून गेली तर पुढे संदेश, नाहीतर गप्प. मेंदूतून उचललं ते एवढंच. पेशींमधली रसायनं वगैरे सगळं सोडून दिलं. १९५८ मध्ये रोझेनब्लाटनं ‘पर्सेप्ट्रॉन’ मांडला, म्हणजे अशाच कृत्रिम पेशींचा, शिकू शकणारा सांगाडा. तो चुकला की जोडण्यांचे भार बदलायचे, तेच त्याचं शिकणं. पुढे अशा पेशींचे थर एकामागे एक जोडले, आणि १९८६ पासून चुकीचा वाटा शेवटच्या थराकडून मागे मागे वाटत नेण्याची रीत रुळली. मेंदू नेमका असाच शिकतो असं बहुतेक मेंदूशास्त्रज्ञ मानत नाहीत. म्हणजे सुरुवात मेंदूवरून, पुढची वाट गणिताची. मी ‘मेंदूवर बेतलेली’ लिहीन.

शेवंती
‘बेतलेली’ छान! शिंपी अंगावर कापड बेततो, तसं. पण ‘भार’ का हो? भार डोक्यावर असतो. आमच्याकडे ‘गावात त्यांच्या शब्दाला वजन आहे’ म्हणतात. कुठल्या संदेशाचं किती ऐकायचं, हेच ना ते? मग ‘वजन’ लिहा, मुलांना न सांगता कळेल.

तिसरा प्रहर
शेवंतीताई, इतकी वर्षं हे शिकवतोय, हे सुचलं नव्हतं. पुढच्या वर्गात ‘वजन’च म्हणणार.

जुनी पाटी
गणितात ‘भारित सरासरी’ आहे. एकाच गोष्टीला दोन शब्द झाले की मुलांचा गोंधळ होतो.

माडाची सावली
मूळ शब्दाचं काय? या जोडलेल्या कृत्रिम पेशींच्या जाळ्याला फलकावर ‘न्यूरल नेटवर्क’ ठेवणार की ‘चेताजाल’? पाठ्यपुस्तकात चेतापेशी, चेतासंस्था आहेत. त्याच घरातला शब्द सोडून इंग्रजी का आणायचा? आपण वापरलाच नाही तर तो रुळणार कसा?

शेवंती
माझा मुलगा मोबाइलवर ‘न्यूरल नेटवर्क’ वाचतो. ‘चेताजाल’ वाचून त्याला दोन्ही एकच आहेत हे कळणार नाही. शब्द वाचणाऱ्यासाठी असतो.

माडाची सावली
एकदा दोन्ही शेजारी लिहा, पुढे चेताजाल. ‘संगणक’ही कधीतरी नवाच होता.

बोरीबंदर
आम्ही ‘मज्जातंतू’ शिकलो, ‘मज्जातंतूंचं जाळं’ का नको? ‘चेता’ उगाच आणलेला वाटतो.

जुनी पाटी
उगाच नाही. आयुर्वेदाच्या सात धातूंत मज्जा अस्थीनंतर येते, म्हणजे हाडातला मगज. आजही बोन मॅरोला अस्थिमज्जा म्हणतात. तोच शब्द मराठीत नसांना चिकटला आणि घोटाळा झाला. माझा तर्क असा की पाठीच्या कण्यातल्या दोरीला, हाडाच्या आत असते म्हणून, कुणीतरी ‘मज्जारज्जू’ म्हटलं आणि तिथून मज्जा नसांमध्ये गेली.

बोरीबंदर
मगजचंही तसंच की! मगज म्हणजे मेंदूही आणि फळातला गरही. कवटीतलं, हाडातलं, फळातलं, सगळं आतलं मऊ म्हणजे मगज. लोकांनी एकच शब्द पुरवला, घोटाळा कसला?

कोयनाकाठ
सगळ्यांचे आभार. ‘बेतलेली’ सरांना दाखवलं. म्हणाले, ‘बेत’ म्हटलं की मुलांना जेवणाचा बेत आठवेल. परवा फलक छापायला जाणार. पण एक विचारू? मांजरीच्या मेंदूतल्या दृष्टीच्या भागावर ह्यूबेल आणि वीझेल यांनी प्रयोग केले, पुढे १९८० मध्ये फुकुशिमांनी त्यावरून चित्र ओळखणारं ‘निओकॉग्निट्रॉन’ रचलं, असं दुसऱ्या फलकावर आहे. इथे तर रचनाच मेंदूवरून घेतलीय. मग इथे तरी ‘अनुकरण’ चालेल का?

तिसरा प्रहर
तिथे चालेल. कडा ओळखणाऱ्या साध्या पेशी, त्यांच्यावर गुंतागुंतीच्या, अशी थरांची मांडणी त्यांनी खरोखर तिथूनच घेतली. पण पहिल्या फलकावर नको.

शेवंती
‘कित्ता गिरवते’ कसं वाटतं? कित्त्यावरून हात फिरवला तरी अक्षर आपलंच उमटतं.

जुनी पाटी
कित्ता चांगला आहे. पण बोरीबंदर, फळातल्या मगजाला आमच्याकडे गरच म्हणतात. मगज कुठल्या भागात म्हणतात तेवढं सांगा.