मदत हवी आहे : नववीच्या मुलांना 'कव्हर' हे क्रियापद कसं शिकवू?

नमस्कार मंडळी. मी कळव्यात मराठी माध्यमाच्या मुलांची इंग्रजीची शिकवणी घेते. मुलांना 'कव्हर'चा 'झाकणे' एवढाच अर्थ पाठ आहे. १८५३ साली पहिल्या रेल्वेने बोरीबंदर ते ठाणे ३४ किलोमीटर अंतर 'कव्हर' केलं, असं इंग्रजी वाक्य दिलं, तर एकीने वहीत लिहिलं, 'गाडीने ३४ किलोमीटर झाकले.' तिला रागवावंसं वाटलंच नाही. शब्दकोशात पहिला अर्थ तोच आहे.

आपण पातेल्यावर झाकण ठेवतो, चादर पांघरतो, देव्हारा चांदीने मढवतो. इंग्रजीत या सगळ्याला 'कव्हर' चालतं. शिवाय अंतर कापणं, तोटा भरून काढणं, पोर्शन संपवणं, बातमीचं वार्तांकन, विम्याचं संरक्षण हेही त्यातच.

मूळ सांगितलं की मुलं कान टवकारतात. लॅटिन 'कोऑपेरीरे' म्हणजे पूर्ण झाकणे, त्यावरून जुन्या फ्रेंचमधला 'कोव्हरिर' आणि तिथून इंग्रजी. 'डिस्कव्हर' म्हणजे झाकलेलं उघडं करणं. 'कर्चीफ' म्हणजे डोकं झाकायचं फडकं. पण तास रंगला तो 'कर्फ्यू'वर. मूळ फ्रेंच शब्दांचा अर्थ 'विस्तव झाका'. मध्ययुगात युरोपातल्या गावांत संध्याकाळी घंटा वाजली की आग लागू नये म्हणून घरोघरी विस्तव झाकायचे. त्यावर एक मुलगा म्हणाला, "बाई, गावी आजी रात्री निखारे राखेत पुरून ठेवते. सकाळी फुंकणीने फुंकलं की परत लाल होतात." सगळा वर्ग त्याच्याकडे वळून बघत होता.

बरं होणे या अर्थाचा 'रिकव्हर' मात्र या कुळातला नाही, हे आवर्जून सांगते. तो लॅटिन 'रेकुपेरारे'वरून, म्हणजे परत मिळवणे.

आता अडलंय ते 'आय विल कव्हर फॉर यू'पाशी. 'तुझं मी सांभाळून घेते' असं सांगितलं, तर त्यात मैत्रिणीऐवजी तिची ड्यूटी करणंही येतं आणि तिच्या चुकीवर पांघरूण घालणंही. हे दोन अर्थ मुलांना वेगळे कसे दाखवू? इथे कुणी बातमीदार, विमा एजंट, नर्स असाल तर कामात तुम्ही खरोखर बोलता ते एकेक वाक्य लिहा आणि त्याला मराठीत काय म्हणता तेही. शनिवारी ती वाक्यं फळ्यावर लिहून घ्यायची आहेत. क्रिकेट खेळणाऱ्यांनी 'कव्हर ड्राइव्ह'बद्दल जरूर लिहा, मागच्या बाकावरून त्याचीच विचारणा चालू आहे.