मदत हवी आहे: सुपरहिरोच्या मुलीला काम काय देऊ?

मंडळी, गणपतीत आमच्या वाडीत (मालवणजवळ) पोरांची एकांकिका बसवतोय. हिरो रापणकर (किनाऱ्यावरून मोठं जाळं ओढणारा मच्छीमार), हात उचलला की भरती येते. त्याला आठ वर्षांची मुलगी आहे आणि घोडं तिथेच अडलंय. दुसऱ्या प्रवेशात खलनायक तिला पळवतो, मग ती शेवटपर्यंत खांबाला बांधलेली. काल तालमीत ते काम करणारी पोर म्हणाली, "काका, माका नुसता रडाचाच आसा?" गप्प बसलो.

'अँट-मॅन' सिनेमात (२०१५) हिरो स्कॉट तुरुंगातून सुटतो, मुलीला भेटता यावं म्हणून सगळ्या भानगडीत पडतो. 'अ‍ॅव्हेंजर्स: एंडगेम'मध्ये (२०१९) टोनी स्टार्क, म्हणजे आयर्न मॅन, मुलगी गमावायच्या भीतीने आधी नकारच देतो. मूल हिरोला अडवतं, हे मला जास्त पटलं. दशावतारात तर बभ्रुवाहन थेट बापाशीच, अर्जुनाशी लढतो! तेवढी हिंमत माझ्यात नाही.

मुलीला शक्ती न देता, तिच्या एखाद्या निर्णयाने शेवट फिरवायचा आहे. कसा? वेळ ३५ मिनिटं, पडदा एकच, होडी थर्माकोलची. रविवारी पुढची तालीम आहे, त्याआधी सुचवा.