मदत हवी आहे: मुतखड्याच्या सीटी रिपोर्टमधला 'एचयू' आकडा

वडिलांचा (वय ६२) सीटी केयूबी (किडनी, मूत्रनलिका, मूत्राशयाचा सीटी स्कॅन) राजारामपुरीत काढला. डाव्या किडनीत खालच्या कप्प्यात ११ मिमीचा खडा, पुढं लिहिलंय '१२४० एचयू'. एचयू म्हणजे हाउन्सफील्ड युनिट, सीटीवर घनता मोजायचं एकक, पाणी ०, हवा उणे १०००, एवढं शोधून कळलं. हजाराच्या वर गेला की खडा टणक, बाहेरून लाटा मारून (लिथोट्रिप्सीनं) फुटायला अवघड, असंही वाचलं. (शेजारचे काका पानफुटीच्या पाल्यावरच अडून बसलेत, ते सोडा.) ताप नाही, किडनीला सूज नाही, क्रिएटिनीन (किडनीचं काम दाखवणारी रक्ततपासणी) नॉर्मल, शुगर आहे आणि रक्त पातळ करायची गोळी चालू आहे. युरॉलॉजिस्टची वेळ सोमवारची मिळालीय. लिथोट्रिप्सी की दुर्बीण (आत घालून खडा काढायची) हे ठरवताना डॉक्टर हा आकडा कितपत धरतात? आणि तो खड्याच्या मधोमध मोजलाय की सरासरी काढलीय, यानं फरक पडतो का?