‘जय भीम कॉम्रेड’ मंडईत दाखवावा का?

धानपट्टी : दिवाळीनंतर भंडारा-गोंदियात मंडया, म्हणजे गावोगावच्या जत्रा, सुरू होतील. एका रात्री नाटकाऐवजी आनंद पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’ हा माहितीपट लावावा, असं माझं म्हणणं आहे. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. संतापलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या, १० माणसं गेली. त्या धक्क्यानं काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. पटवर्धनांनी १४ वर्षं हा धागा सोडला नाही, २०११ मध्ये माहितीपट पुरा केला. त्यात कोर्टकचेरी आहे आणि गाणीही भरपूर. पंचनाम्यात जे आलं नाही ते लोकांनी गाण्यात जपलं. बौद्ध विहारात तो केव्हाही लागेल. बघायला हवा तो उरलेल्या गावानं.

लाखनीकर : माझा विरोध. मंडईला लेकी-जावई येतात. तीनेक तास चालणारा माहितीपट कोण बघत बसेल? उगाच गावात तेढ.

धानपट्टी : भाऊ, झाडीपट्टीचं, आपल्या पूर्व विदर्भातलं, नाटक आपण पहाट होईपर्यंत बघतो. तीन तासांचं काय घेऊन बसलात!

चिमूरवाला : आमच्याकडे १६ ऑगस्ट १९४२ च्या ‘चले जाव’ उठावातले शहीद दरवर्षी आठवले जातात. तेव्हा तेढ होत नाही.

लाखनीकर : चिमुरात समोर इंग्रज होता. इथं शेजारी आहे.

बांधीवाली : लाखनीकर भाऊंचं कारण मला पटत नाही, तरी माझाही विरोधच. मी मोहाडी तालुक्यातली, दलित वस्तीतली. खैरलांजी आमच्याच तालुक्यात. २९ सप्टेंबर २००६ ला सुरेखाबाई, प्रियंका, सुधीर आणि रोशन भोतमांगे या दलित कुटुंबातल्या चौघांना गावातल्या जमावानं मारलं. सुरेखाबाईंनी एका मारहाणीच्या प्रकरणात पोलिसांपुढं साक्ष दिली होती. बोलण्याची किंमत आम्हाला कोणी समजावून सांगायला नको. २००८ मध्ये भंडाऱ्याच्या कोर्टानं सहा जणांना फाशी सुनावली, २०१० मध्ये हायकोर्टानं ती जन्मठेपेवर आणली. ॲट्रॉसिटी कायद्याखाली शिक्षा एकालाही नाही. पटवर्धनांबद्दल मला आदर आहे, चौदा वर्षं कोण थांबतं? पण तुम्ही पडदा गुंडाळून जाल. दुसऱ्या दिवशी धान कापायला त्याच मालकाच्या बांधीत आम्हाला उतरायचं आहे. कुठं दाखवायचा, कधी दाखवायचा, हे वस्तीतल्या बायांना आधी विचारा.

चिमूरवाला : ताई, विचारायलाच हवं. पण विहारापुरता ठेवला तर ज्यांनी ऐकायचं ते सुटतात. आजवर हेच झालं.

बांधीवाली : सुटतात, खरं आहे. पण त्यांना पकडून बसवण्याचं काम आमच्या अंगावर का?

धानपट्टी : तुमच्या अंगावर नाही, ताई. मागणी मी मंडई समितीपुढं मांडतो, माझ्या नावानं. मी कुणबी घरातला, माझी मजुरी कोणी तोडणार नाही. वस्तीकडून अर्ज नको, सही नको. बायांनी नको म्हटलं तर विषय तिथंच थांबेल.

लाखनीकर : समितीत मी आहे. माझं मत विरोधातच पडेल.

बांधीवाली : पडू द्या. पण ते सभेत, सगळ्यांसमोर, कारण सांगून द्या. धानपट्टी भाऊ, बायांना मी रविवारी विचारते.