मदत हवी आहे: घाट चढताना गाडी तापते, सपाटीवर काटा जागेवर

कोकणवाट

गाडी 1.2 लिटर पेट्रोल हॅचबॅक, 9 वर्षं जुनी, 92,000 किमी. शहरात सिग्नलला एसी लावून उभी असली तरी इंजिनाच्या तापमानाचा काटा बरोबर मध्यावर. हायवेवर 90 च्या वेगातही तसाच. पण चिपळूणहून कऱ्हाडकडे जाताना पोफळी सोडून कुंभार्ली घाट लागला, की दुसऱ्या गिअरमध्ये आठ-दहा मिनिटांत काटा पाऊणवर जातो. एसी बंद करून कडेला पाच मिनिटं चालू ठेवली की खाली येतो.

कूलंट महिन्याला साधारण 300 मिली कमी होतं. गेलं वर्षभर बोअरचं पाणी घालून भरतोय. गाडीखाली डाग दिसत नाही. ऑइल स्वच्छ आहे, सायलेन्सरमधून पांढरा धूर नाही.

गॅरेजमध्ये दोन सल्ले मिळाले. एक, थर्मोस्टॅट व्हॉल्व (इंजिन गरम झालं की पाणी रेडिएटरकडे सोडणारी झडप) काढून टाका. दोन, हेडचं पॅकिंग (इंजिनाचं हेड आणि ब्लॉक यांच्यामधलं गॅस्केट) गेलंय, 18,000 खर्च येईल. कुठलाही खर्च करण्याआधी घरी काय काय तपासता येईल? साध्या पान्यांचा सेट आहे.

दहाचा पाना

तुमच्या वर्णनातच अर्धं उत्तर आहे. गाडी कधी तापते, यावरून दोष कुठे आहे ते बरंचसं कळतं.

उभी असताना तापते आणि पळायला लागली की थंड होते, तर पंखा, त्याचा रिले, फ्यूज किंवा मोटर बघायची. सुरू केल्यावर चार-पाच मिनिटांतच तापली तर थर्मोस्टॅट बंद अवस्थेत अडकलाय, पाणी अगदीच कमी आहे किंवा पॅकिंग गेलंय. तुमची गाडी फक्त जोर लागल्यावर तापते. म्हणजे पंखा ठीक आहे, नाहीतर सिग्नलला एसी लावून टिकली नसती. घाटात इंजिन भरपूर उष्णता तयार करतं आणि गाडीचा वेग 25-30 असल्यामुळे समोरून वारा लागत नाही. एरवी व्यवस्थेत जी शिल्लक क्षमता असते ती सगळी तिथे वापरली जाते. तुमची शिल्लक संपली आहे. रेडिएटर बाहेरून किंवा आतून चोंदलाय, झाकण दाब धरत नाही, थर्मोस्टॅट अर्धाच उघडतो किंवा पंप पाणी कमी फेकतो, यापैकी एक किंवा दोन गोष्टी असणार.

थर्मोस्टॅट काढून टाकू नका. हा सल्ला अजून दिला जातो, म्हणून कारण सांगतो. बऱ्याच इंजिनांत थर्मोस्टॅटच्या खालच्या बाजूला दुसरी चकती असते. व्हॉल्व उघडला की ही चकती बायपासची वाट बंद करते आणि सगळं पाणी रेडिएटरकडे वळवते. थर्मोस्टॅट काढला की बायपास कायमचा उघडा राहतो, गरम पाण्याचा काही भाग रेडिएटरला न जाताच परत इंजिनात फिरतो आणि घाटात गाडी आणखी तापू शकते. सपाटीवर उलट इंजिन थंडच राहतं, मिश्रणात पेट्रोल जास्त जातं, ॲव्हरेज पडतं आणि ऑइलमधला ओलावा उडत नाही.

सह्यवारा

पॅकिंगबद्दल: गाडी रात्रभर उभी होती, सकाळी पूर्ण थंड आहे, तेव्हा सुरू करा आणि एका मिनिटात रेडिएटरचा वरचा होज (रबरी नळी) दाबून बघा. पाणी अजून गार असतानाच होज दगडासारखा कडक झाला, तर सिलिंडरमधला गॅस पाण्यात शिरतोय. मऊ राहिला तर पॅकिंगची शक्यता बरीच कमी. खात्री हवी असेल तर निळ्या द्रवाची गॅस चाचणी मागा. रेडिएटरच्या तोंडावर नळी लावून आतली वाफ त्या द्रवातून ओढतात, जळालेला गॅस असेल तर रंग पिवळा होतो. हेड उघडण्याआधी ही चाचणी झालीच पाहिजे. ती न करता पॅकिंग गेलंय असं सांगणं म्हणजे अंदाज.

आता 300 मिली. व्यवस्थेत साधारण 4.8 लिटर पाणी धरा. दर महिन्याला 300 मिली मिश्रण जातं आणि त्या जागी नुसतं पाणी येतं, तर 50 टक्क्यांचं कूलंट वर्षभरात 23 टक्क्यांच्या आसपास येतं. त्यातली गंजरोधक रसायनंही तेवढीच पातळ होतात. त्यात बोअरचं पाणी. त्यातले कॅल्शियम-मॅग्नेशियमचे क्षार सगळ्यात गरम जागी, म्हणजे हेडमध्ये आणि रेडिएटरच्या बारीक नळ्यांत बसतात. घरातल्या गिझरच्या कॉइलवर जो पांढरा थर चढतो, तोच हा.

दहाचा पाना

क्रमाने तपासा. इंजिन पूर्ण थंड असताना. गरम असताना झाकण उघडलं तर दाब सुटतो, आतलं 100 च्या वरचं पाणी क्षणात उकळून तोंडावर येतं. किमान तासभर थांबा, वरचा होज हाताला गार लागला की मगच.

पहिलं, रेडिएटरचं झाकण. त्यावर 0.9 किंवा 1.1 असा आकडा असतो, तो बारमधला दाब. 1.1 च्या झाकणाखाली साधं पाणीसुद्धा 100 ऐवजी साधारण 121 अंशांना उकळतं, 50 टक्के कूलंट त्याहून वर. झाकण उलटं करून खालचं रबर नखाने दाबा. ते लवचिक हवं. कडक झालं असेल, त्यावर गोल खाच पडली असेल किंवा पांढरा क्षार चिकटला असेल, तर ते झाकण 0.3 बारलाच पाणी सोडून देत असेल. 0.3 बारला पाणी 107 अंशांना उकळतं आणि घाटात तुम्ही त्याच्या जवळ पोचताय. उकळलं की हेडमध्ये वाफेचे बुडबुडे धातूला चिकटतात, उष्णता पाण्यात उतरत नाही आणि पाणी रेडिएटरशेजारच्या जादा पाण्याच्या बाटलीतून बाहेर जातं. गाडीखाली डाग न दिसता 300 मिली जाण्याचं हे नेहमीचं कारण, कारण ते रस्त्यावर सांडतं. झाकणाच्या मधोमध एक छोटी उलटी झडप असते, ती बोटाने ओढली की उघडून परत बसली पाहिजे. ती अडकली तर गाडी थंड होताना बाटलीतलं पाणी आत ओढलं जात नाही आणि होज आत चिमटला जातो. नवीन झाकण त्याच आकड्याचं घ्या. जास्त दाबाचं लावू नका, जुना प्लॅस्टिकचा रेडिएटर फुटतो.

दुसरं, वॉटर पंपाच्या बॉडीवर खालच्या बाजूला मसूरच्या दाण्याएवढं भोक असतं. टॉर्च लावून बघा. तिथून खाली ओघळ सुकून हिरवा किंवा गुलाबी पापुद्रा दिसला, तर आतलं सील गेलंय. गरम ब्लॉकवर थेंब लगेच सुकतो, म्हणून जमिनीवर डाग पडत नाही. पंप टायमिंग बेल्टवर फिरत असेल तर बेल्ट आणि टेन्शनर त्याच वेळी बदला, मजुरी एकदाच लागते.

तिसरं, डाव्या सीटसमोरचं मॅट ओलं आहे का, काचेवर तेलकट वाफ धरून गोडसर वास येतो का. येत असेल तर हीटर कोअर, म्हणजे केबिनच्या हीटरचा छोटा रेडिएटर, गळतोय.

गॅरेजमधून प्रेशर टेस्ट करून घ्या. हातपंपाने झाकणाएवढाच दाब भरायचा, पंधरा मिनिटं काटा हलता कामा नये.

सह्यवारा

रेडिएटर बाहेरून बघताना बहुतेक जण समोरून बघतात. समोर दिसतो तो एसीचा कंडेन्सर. रेडिएटर त्याच्या मागे आहे आणि दोघांमध्ये दोन-तीन सेंटिमीटरची फट. कचरा त्या फटीत बसतो. ऊसपट्ट्यातून, लाल मातीच्या रस्त्यांवरून वर्षानुवर्षं फिरलेल्या गाडीत तिथे माती, किडे, पाचटाचे तुकडे यांची अक्षरशः गोधडी झालेली असते. वरचा पत्रा किंवा पंख्याचा श्राउड, म्हणजे त्याच्याभोवतीचं आवरण (बहुतेक दहाचे चार बोल्ट) सोडवला की दिसेल. पंख्याला हात लावण्याआधी बॅटरीचं निगेटिव्ह काढा, काही गाड्यांत इग्निशन बंद असतानाही पंखा सुरू होतो. बागेच्या नळीने, कमी जोरात, इंजिनाच्या बाजूने पुढे पाणी मारा. वॉशिंग सेंटरचं प्रेशर गन नको, पाती आडवी होतात आणि मग वारा कायमचा बंद.

आतून चोंदलाय का हे कळायला लेझरचं थर्मामीटर आणा. गाडी गरम करा, पंखा एकदा सुरू होऊन बंद होऊ दे, मग मागच्या बाजूने जाळीवर नऊ ठिकाणी मोजा. आत येणाऱ्या टोकापासून बाहेरच्या टोकाकडे तापमान हळूहळू उतरलं पाहिजे. मध्येच एखादा पट्टा एकदम गार लागला, तर त्या नळ्यांत पाणी फिरत नाही. पितळी रेडिएटर असताना टाकी उघडून सळई फिरवत असत. ॲल्युमिनियम-प्लॅस्टिकच्या रेडिएटरला ते करता येत नाही, बदलावा लागतो. व्हिनेगर, ॲसिड वगैरे घालू नका, ॲल्युमिनियम खाल्लं जातं.

आणि काट्यावर विसंबू नका. बऱ्याच गाड्यांत साधारण 75 ते 105 अंशांपर्यंत काटा मुद्दाम मध्यावरच ठेवलेला असतो. तो हलला म्हणजे तुम्ही आधीच वर आहात. ओबीडी पोर्टला (गाडीच्या कॉम्प्युटरची माहिती वाचायचं सॉकेट) लावायचं ब्लूटूथ उपकरण घ्या, फोनवर खरा आकडा दिसतो. पाणी फारच कमी झालं तर सेन्सर हवेत उघडा पडतो आणि काटा उलट खाली येतो. घाटात काटा एकदम उतरला तर आनंद मानू नका, लगेच थांबवा.

कोकणवाट

सगळ्यांचे आभार. बघितलं ते असं:

थंड इंजिनला होज मऊ. गॅस चाचणीत द्रव निळाच राहिला. पंपाचं भोक कोरडं. मॅट कोरडं. प्रेशर टेस्टला दाब पंधरा मिनिटं टिकला. झाकण 1.1 चं, रबर पापडासारखं कडक. त्याची वेगळी चाचणी केली तर 0.4 ला सोडतंय. फटीत वरपासून निम्म्यापर्यंत मातीचा थर होता, धुतला.

नवीन झाकण लावून परत घाट चढलो. ओबीडीवर आधी 109 दिसत होतं, आता 104. पाणी कमी झालं नाही. पण सपाटीवर 92 असतं, त्या मानाने 104 जास्तच वाटतंय. लेझरने मोजलं: वरचे आकडे 88-90, मधले 83, उजव्या खालच्या कोपऱ्यात तळहाताएवढ्या भागात 51. पाणी बाहेर जाणारा होज डावीकडे खाली आहे.

दहाचा पाना

तो कोपरा बंद आहे, रेडिएटर बदला. थर्मोस्टॅट त्याच वेळी काढून तपासा: पातेल्यात दोऱ्याने टांगा, तळाला टेकू देऊ नका, थर्मामीटर लावून पाणी तापवा. त्यावर 82 किंवा 88 छापलेलं असेल, त्या आकड्याला उघडायला सुरुवात आणि 82 चा साधारण 95 ला, 88 चा साधारण 100 ला 8 मिमी किंवा जास्त उघडलेला हवा. बसवताना छोटी हलणारी पिन वरच्या बाजूला, हवा तिथून निघते. रबर रिंग नवीन.

नवा रेडिएटर बसवण्याआधी ब्लॉक धुवा, नाहीतर जुना गाळ नव्या नळ्यांत जाईल. डिस्टिल्ड वॉटर भरायचं, हीटर पूर्ण गरमवर ठेवून पंखा सुरू होईपर्यंत चालवायची, थंड करून सोडायचं. पाणी स्वच्छ येईपर्यंत, सहसा तीन वेळा. दुकानात बॅटरीत टॉपअप करायचं डिस्टिल्ड वॉटर मागा, आम्लाची बाटली नव्हे.

भरताना एक चूक नेहमी होते. धुतल्यावर ब्लॉकमध्ये दीड-दोन लिटर पाणी उरतंच. त्यावर तयार मिश्रण ओतलं तर प्रमाण 30-35 टक्क्यांवर राहतं. म्हणून कॉन्सन्ट्रेट (पाणी न मिसळलेलं कूलंट) घ्या आणि एकूण क्षमतेच्या निम्मं, म्हणजे तुमच्या 4.8 लिटरला 2.4 लिटर, आधी ओता. उरलेली जागा डिस्टिल्ड वॉटरने भरा. 50 टक्क्यांच्या वर जाऊ नका. ग्लायकॉल पाण्यापेक्षा कमी उष्णता वाहून नेतं, त्यामुळे दाट कूलंट घालून गाडी थंड राहत नाही, उलट तापते.

तोंड चढावर करून उभी करा, हळूहळू ओता, अधूनमधून वरचा होज दाबा. हवा काढायचा ब्लीड स्क्रू असेल तर सलग धार येईपर्यंत उघडा. झाकण उघडं ठेवून हीटर गरमवर, पंखा दोनदा सुरू-बंद होईपर्यंत चालवा. हीटरमधून गार हवा आली तर आत हवा अडकलीय. दुसऱ्या दिवशी सकाळी पातळी बघा, 200-300 मिली उतरलेली असेलच.

ओढ्याकाठी

कूलंट हिरवं घ्यावं की गुलाबी? दुकानदार म्हणतो रंग जुळला की झालं.

सह्यवारा

रंग हा फक्त रंग आहे, त्याला कुठलं मानक नाही. गाडीच्या पुस्तिकेत कुठल्या प्रकारचं सांगितलंय ते बघा आणि डब्यावर आयएस 5759 किंवा जेआयएस के 2234 लिहिलंय का ते पाहा. जुन्या पद्धतीचं सिलिकेटवालं कूलंट दोन वर्षांत किंवा 40,000 किमीला बदलायचं, सेंद्रिय आम्लांचं साधारण पाच वर्षांनी. दोन्ही एकत्र केली तर गंजरोधक क्षमता कमी होते, कधी जेलीसारखा साका होतो. कोकणवाट तुम्ही ब्लॉक धुताय म्हणून तुम्हाला पुस्तिकेत बसणारं कुठलंही चालेल, पण पुढे टॉपअप त्याचंच. अर्धा लिटर तयार मिश्रण डिकीत ठेवा, म्हणजे वाटेत बोअरचं पाणी घालायची वेळ येणार नाही.

कोकणवाट

झालं काम. थर्मोस्टॅट 88 चा, पातेल्यातलं पाणी उकळलं तरी जेमतेम 5 मिमी उघडला, म्हणून तोही बदलला. जुन्या रेडिएटरच्या खालच्या नळीतून राखाडी गाळ निघाला. काल घाटात दुसऱ्या गिअरला, एसी चालू, बाहेर 34 अंश: ओबीडीवर सर्वांत जास्त 97. बाटलीची पातळी जशीच्या तशी.

जुनं कूलंट आणि धुतलेलं पाणी मिळून बारा-तेरा लिटर बादल्यांत आहे. गटारात सोडलं तर चालेल का?

दहाचा पाना

नको. आज रात्री बादल्या उघड्यासुद्धा ठेवू नका. ग्लायकॉल गोड लागतं, कुत्री-मांजरं पितात आणि थोड्याशानेही त्यांची मूत्रपिंडं निकामी होतात. लहान मुलांनाही तोच धोका. घट्ट झाकणाच्या कॅनमध्ये भरा, वर ‘विषारी’ असं लिहा आणि जुनं ऑइल वेगळं गोळा करणाऱ्या वर्कशॉपला विचारून तिथे द्या. फरशीवर जे सांडलं असेल त्यावर माती किंवा लाकडाचा भुसा टाकून शोषून घ्या, मग भरपूर पाण्याने धुवा.